खुनातला ढोल

जपानी सिनेमा बघत होतो. पडद्यावर तलवारी चालत होत्या, मुंडकी उडत होती, घोडे चिखलात कोसळत होते. आणि संगीत मात्र बंद. त्या सिनेमाचा संगीतकार तरुणपणी प्रत्येक लढाईला ढोल-तुताऱ्यांची फौज उभी करायचा म्हणे. वय वाढलं तसं त्यानं एकेक वाद्य घरी पाठवलं. म्हातारपणी त्याच्या खुनांना लाकडावरचा एक ठोका उरला, आणि मागे नुसता श्वास. घाव पडद्यावर बसतो, आवाज आपल्या पोटात होतो.

मी भारावलो. भारावलो की मी घोळ घालतोच. आमच्या हौशी नाटकाचं पार्श्वसंगीत माझ्याकडे होतं. खुनाच्या प्रवेशातला ढोल मी कुणालाही न सांगता काढून टाकला.

प्रयोगात सुरा नंदूच्या पोटात गेला. ढोल वाजला की पडायचं, एवढंच त्याला ठाऊक. त्यामुळे तो उभाच! शर्टावर लाल रंग पसरतोय आणि तो डोळे फाडून माझ्याकडे बघतोय.

"अरे, मर की!" दिग्दर्शक विलास विंगेतून दातओठ खात म्हणाला.

नंदू तरी ढोलाचीच वाट बघत राहिला. सभागृहात त्याचा घोगरा श्वास तेवढा ऐकू येत होता. शेवटी तो धाडकन कोसळला, आणि पहिल्या रांगेतून त्याची आई किंचाळली, "नंद्याऽऽ!"

पडदा पडताच विलासनं माझी कॉलर धरली. "ढोल काढलास तो काढलास. पण ती किंकाळी कुठून रेकॉर्ड केलीस रे?"

त्याच्या पाठीमागे रंगमंचावर धावून आलेली नंदूची आई लेकाच्या पोटावरचा लाल रंग पदरानं पुसत होती.