कट्याच्या बाबांचं हसू

आमच्या बोरिवलीच्या सोसायटीत सिनेमे काढणारा एकच माणूस होता आणि त्याच्या तोंडून 'कट' हा शब्द कधी निघत नसे. म्हणून तो कट्या. एकदा त्याने वाटीतली आमटी थंड होताना शूट केली. मी मध्ये दोनदा जेवून आलो, मामाकडे बारशालाही जाऊन आलो, तरी कॅमेरा चालूच. "यात गोष्ट कुठाय रे?" विचारलं तर म्हणे, "गोष्ट लोक नंतर बनवतात, यार. मी फक्त कच्चा माल देतो."

कट्या पाच वर्षांचा असताना त्याचे बाबा गेले. घरात त्यांचा एकच फोटो, तोही पंचनाम्याला उभं केल्यासारखा. बाबा हसायचे कसे, हे त्याला काही केल्या आठवेना. झोप उडाली गड्याची. शेवटी त्याने ठरवलं, बाबांना ओळखणाऱ्या प्रत्येकाकडून ते हसू करून घ्यायचं आणि त्याचाच सिनेमा काढायचा. गाणी नाहीत, संवाद नाहीत.

मी लाइट धरायला. म्हणजे टेबललॅम्प. तावडेकाका असे गडगडले की खाली तीन गाड्यांचे अलार्म वाजले. शिर्केकाकू म्हणाल्या, "छे! आवाज कसला? नुसतं पोट हलायचं," आणि हलवून दाखवलं. बाबांचा गिरणीतला जोडीदार वाकोल्याहून मुद्दाम आला आणि शिंकल्यासारखा हसला. प्रत्येक जण छातीठोक!

रविवारी भर दुपारी सोसायटीच्या ऑफिसात खिडक्यांना चादरी लावून खेळ झाला. बावीस माणसं बावीस तऱ्हांनी हसली. दिवे लागले. कट्या नखं खात आईसमोर उभा.

"आई, यातलं कुठलं गं?"

"एकव नाय," म्हातारी म्हणाली. "तुझो बापूस असो हसायचो!" आणि मान मागे टाकून ती अशी खिदळली की चादरी उडाल्या.

कॅमेरा बंदच! कट्या कॅमेरा आणायला धावला. "आई, परत कर!"

तिने केलं, पण भलतंच.

"अगं, मघाशी असं नव्हतं!"

"असांच होता. तुकाच आठवणा नाय!"

तिसऱ्यांदा तिसरंच. कट्याने कॅमेरा खुर्चीवर टाकला आणि तो हसत हसत फरशीवर गडाबडा लोळायला लागला. पाठोपाठ आम्ही सगळे.

आता मायलेक गावी असतात. परवा त्याचा फोन आला. बोलता बोलता म्हणाला, "तू माझ्या बाबांना पाहिलेलंस ना रे?"

मी बोरिवलीत आलो तेव्हा त्यांना जाऊन दहा वर्षं झाली होती.

"म्हणजे काय!" मी म्हणालो आणि फोनवर पोटभर हसून दाखवलं.

तो तिकडून ओरडला, "अरे, हेच! हेच ते!"