एक मिनिट शांतता

शूटिंग आटोपलं की कॅमेरे बॅगेत जातात, दिवे बॅगेत जातात. किस्से मात्र माझ्याच डोक्यात मुक्कामाला येतात. वीस वर्षं मी माहितीपट करतेय, शाळांसाठी आणि चाकणच्या कंपन्यांच्या ट्रेनिंगसाठी. लोकांना वाटतं, "मशीनमध्ये हात घालू नका" सांगण्यात कसले आलेत किस्से! बसा, सांगते.

*

निघोज्यातल्या एका कारखान्यात अपघाताचा सीन होता. प्रेस मशीनपुढे एकाने जखमी होऊन पडायचं, बास. पण कुणी तयारच होईना! गावातलेच जुने कामगार गणपतमामा म्हणाले, "बाई, मशिनीपुढं खोटं बी पडायचं न्हाई. तिला सवय लागती."

मी जाम वैतागले. शेवटी एचआरचे साहेबच हसत हसत आडवे झाले. मी "कट!" म्हटलं, तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. नांदेडहून आई. "कुठं पडलास रे बाबा?"

*

पुनावळ्यात शाळेसाठी फिल्म होती, गाव कसं बदललं त्यावर. तुकाराम आबांना म्हटलं, तुमचं शेत कुठे होतं ते दाखवा. आबा सरळ एका सोसायटीच्या पार्किंगमध्ये शिरले आणि एका मोकळ्या चौकोनापाशी थबकले. "हितं आमची हीर हुती. कडंकडंनं चाला."

आम्ही हसलो. सोसायटीचे सेक्रेटरी काही हसले नाहीत. म्हणाले, "तिथं गाडी लावायला कुणी तयारच होत नाही हो. म्हणतात, चाकं खाली जातायत असं वाटतं."

मीही त्या विहिरीच्या कडेकडेनेच बाहेर आले. उगाच कशाला!

*

आमचा साउंड रेकॉर्डिस्ट सलीमभाई, काळेवाडीचा. बोलणं कमी, कान तिखट. प्रत्येक शूटिंगनंतर तो त्या जागेची नुसती शांतता मिनिटभर रेकॉर्ड करतो; एडिटिंगला लागते. पण "एक मिनिट सगळे शांत उभे राहा!" म्हटलं की आपल्याकडे काय होणार? हेल्मेटं उतरतात, माना खाली जातात!

एकदा मिनिट संपल्यावर एका ऑपरेटरने हळूच विचारलं, "भाऊ, कोण गेलं?"

"अजून कुणी नाही, भावा!" सलीमभाई म्हणाला. सगळे पोट धरून हसले.

विचारणाऱ्याचं नाव भानुदास.

*

हा भानुदास लातूरकडचा. शहरी निवेदकाचं कामगार ऐकत नव्हते, म्हणून तिथल्या ट्रेनिंगच्या फिल्मला त्याचाच आवाज घेतला. काय खणखणीत आवाज, राव! "थांबा. हात बाहेर. मग बटण."

दोन वर्षांनी तो तापाने गेला. त्याच्या जागी बायको लागली, शोभा. पहिल्याच दिवशी ट्रेनिंगमध्ये समोर नवऱ्याचा आवाज! मग रोज डबा खाऊन झाला की ती फिल्म लावून बसायची.

पुढे मशीन बदललं, नवी फिल्म करायची ठरली. शोभा मला म्हणाली, "ताई, आवाज तेवढा त्यांचाच ठिवा. घरी फोटो हाय, आवाज कुठंच नाही बघा."

मी हो म्हणून बसले. आणि कंपनीने जुनी फिल्म काढून टाकलेली, माझी हार्ड डिस्क उघडेचना! चार ठिकाणी दाखवली, उपयोग शून्य. शोभाला सांगितलं तेव्हा ती नुसती मान हलवून कामाला लागली. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

नव्या शूटिंगला, जेवणाच्या सुट्टीत, सगळी मशीनं बंद होती. सलीमभाई ओरडला, "एक मिनिट शांत!" हेल्मेटं उतरली. कोण गेलं, हे या वेळी कुणी विचारलं नाही.

मिनिट संपलं. सलीमभाईने रेकॉर्डिंग ऐकलं. परत ऐकलं. मग हेडफोन माझ्या कानांवर चढवला. आधी शांतता. आणि मग अगदी जवळून, "थांबा. हात बाहेर. मग बटण."

मी हेडफोन शोभाला दिला.

तिने डोळे मिटून ऐकलं. "त्यांचाच हाय," म्हणाली. मग कपाळाला आठी पडली.

"पण सर्दी झालीय की हो त्यांना! तिकडं लई गार असतंय का, ताई?"