मार खाणारे मल्लिनाथ सर

जिंकणाऱ्याची कथा लवकर पक्की होते. मग तिच्यात कोणी हात घालत नाही. मार खाणाऱ्याच्या कथेत मात्र प्रत्येकजण आपली भर घालतो, आणि म्हणून ती साठत जाते. लोककथा गोळा करण्यात माझी हयात गेली. परंतु मल्लिनाथ सरांभोवती जमले तेवढे किस्से मला एखाद्या जिवंत माणसाभोवती क्वचितच आढळले. सर सोलापुरात मुलींचा कराटे क्लास चालवतात आणि सिनेमांत फायटर असतात. म्हणजे खलनायकाच्या टोळीत उभे राहून नायकाचा मार खातात. गेल्या वर्षी हा मार क्लासच्याच मुळावर आला होता. आम्ही तीन-चार स्नेही रविवारी क्लासच्या ओट्यावर चहाला जमतो, म्हणून हे ठाऊक.

*

त्यांच्या एका उडीचे मी तीन पाठभेद नोंदवले आहेत: दुसऱ्या मजल्यावरून, चौथ्या मजल्यावरून आणि गिरणीच्या धुराड्यावरून. खात्रीसाठी त्यांनाच विचारले.

"स्टूल होतं," सर म्हणाले. "कॅमेरा खाली ठेवला होता."

धुराडे सांगणारे गृहस्थ शेजारीच होते. "तुम्हाला आता आठवत नसेल," त्यांनी सरांची समजूत घातली.

*

मंद्रूपच्या बाजारात मेथी विकणाऱ्या मावशींनी त्यांना ओळखले.

"दर सिनेमात मार खाताय. कदी एक तरी हाणा की."

"तसं लिहिलेलं नसतं, मावशी."

"मग लिवणाऱ्याला हाणा."

*

एका नायकाची लाथ पोहोचण्याआधीच सर कोसळले. दिग्दर्शक वैतागले, "पाय लागू तरी द्यायचा."

"लागला असता तर हिरोच पडले असते," सर शांतपणे म्हणाले.

शॉट तसाच ठेवला गेला.

*

पालक म्हणू लागले, "जो दर वेळी आडवा होतो, तो पोरीला काय शिकवणार?" एकेक नाव कमी होऊ लागले. शेवटी सिद्राम पैलवान आले. त्यांची धाकटी गौरी तिथे शिकत होती. त्यांनी तिला काढले की उरलेल्याही जाणार, हे सर्वांना कळत होते.

"सिनेमातलं ऱ्हाऊ द्या, सर. मी पाडतो. उभं ऱ्हायलात तर पोरगी हितं ऱ्हाईल."

सर मॅटवर आले, वाकून नमस्कार केला. पैलवानांनी कंबर धरली आणि फेकले. सर उताणे पडले ते हललेच नाहीत. आमचे चहाचे कप हातातच राहिले. पैलवानांचा चेहरा उतरला. गुडघे टेकून ते हाका मारू लागले, "सर... ओ सर..."

रांगेतून गौरी म्हणाली, "आप्पा, कट म्हणा की. त्याबिगर सर न्हाई उठत."

पैलवानांनी इकडेतिकडे पाहिले आणि हळूच म्हणाले, "कट."

सर उठले, कपडे झटकले आणि मुलींकडे वळले. "पाहिलंत? पडायचं ते असं. डोकं उचललेलं, हात आधी जमिनीला. आता एकेकीने पडायला या. पैलवान, तुम्ही जागेवरच थांबा."

पैलवान गुडघ्यांवरून उठले. मग त्यांनी बाह्या सरसावल्या.

"गौरे, पैली तू ये."