देवाला साक्षी ठेवून

शेताच्या धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, भांडण झालं, तेव्हा तिरोड्याच्या सुशिलाबाईंनी मारुतीच्या देवळात धाकट्या जावेला, अंजनाला, शाप दिला. "देवा, तू साक्षी! हिचे हातपाय झडतीन!" पुढे अंजनाला लकवा मारला, तरी त्या तिला भेटायला गेल्या नाहीत.

परवा नात समीक्षा मोठ्यानं इंग्रजीचा अभ्यास करत होती. "डिटेस्ट म्हणजे कमालीचा द्वेष करणे. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ, देवाला साक्षी ठेवून शाप देणे."

तांदूळ पाखडणारे सुशिलाबाईंचे हात थांबले.

संध्याकाळी त्या अंजनाच्या खाटेपाशी जाऊन बसल्या. "माह्या तोंडानं झालं हे, अंजना."

"बीपीनं झालं," अंजना अडखळत म्हणाली. "पर तू इतके दिवस आली काऊन नाही?"