पाणसळ आणि बाळारामदादा

बाळारामदादा कुठेही बसण्याआधी खिशातून वीतभर लांबीची पाणसळ काढायचे. बाक असो की चहाच्या टपरीवरचं टेबल, ती वर ठेवायची, काचेच्या नळीतला बुडबुडा मधोमध येतो का ते पाहायचं आणि मगच टेकायचं. पुतण्याच्या हळदीला त्यांनी मांडवातला पाटसुद्धा तपासला होता. “नवरा घसरंल ना,” म्हणाले.

ते भिवंडीजवळच्या पूर्णा गावचे. तिथल्या शेतांवर गोदामं उठू लागली होती, तो काळ. भिवंडीतल्या आमच्या प्रशिक्षण केंद्रात मी ड्रॉइंग शिकवायची आणि ते वर्कशॉपमध्ये मदतनीस होते. कागदोपत्री मदतनीस, पण लूम किंवा लेथ जमिनीवर बसवायला मुलांना खरं तेच शिकवत. “मशीन वाकडी बसली का आवाज करते,” ते सांगायचे. “मानूस करीत न्हाय.”

निवृत्तीला आठ महिने उरले असताना त्यांना शिक्षक होण्याची संधी आली. एकच लेखी परीक्षा होती. पेपर मी काढला, पारिभाषिक शब्दकोश शेजारी ठेवून. ‘पृष्ठभागाची क्षैतिजता तपासण्याची पद्धत लिहा’, गुण पाच. दादांनी तो प्रश्न कोरा सोडला आणि तीन गुणांनी नापास झाले.

निकालानंतर ते आले. “मॅडम, यो क्षैतिज कोन? आपले वर्कशॉपला कवा आला न्हाय.”

“अहो, क्षैतिज म्हणजे आडवं.”

“आडवा तं दारू पिऊन गटारात पडलेला बी असतो. तो पानसळीत हाय का?”

मग त्यांच्याच लक्षात आलं. “म्हंजे पानसळीत हाय का, ह्येच इचारलंत?”

मी प्राचार्यांकडे जाऊन प्रश्न रद्द करायला सांगितलं.

“शब्द तर बरोबर आहे, मॅडम.”

“शब्द बरोबर आहे, सर. प्रश्न चुकलाय.”

निकाल बदलला नाही. तेव्हापासून पेपर काढण्याआधी मी वर्कशॉपमध्ये एक चक्कर मारते. दादांना त्याचा काही उपयोग झाला नाही; ते मदतनीस म्हणूनच निवृत्त झाले.

शेवटच्या दिवशी ते माझ्या खोलीत आले. सवयीने पाणसळ टेबलावर ठेवली. बुडबुडा एका टोकाला पळाला.

“मॅडम, तुमचा टेबल आडवा हाय,” ते म्हणाले आणि मोठ्याने हसले. “एक कागद द्या.”

मी खणातून ती प्रश्नपत्रिका काढून दिली. त्यांनी तिची घडी घालून टेबलाच्या पायाखाली सारली. बुडबुडा मधोमध आला, तेव्हा कुठे ते बसले.