घट घेतला

आमचे हे, म्हणजे शशी, कार्डिफच्या हॉस्पिटलात रेडिएशनची मशीन्स तपासायचे. रिटायर झाल्यावर एकच काम धरलं. अठराव्या शतकातल्या म्युशेनब्रूक नावाच्या डच प्राध्यापकाचं चरित्र मराठीत लिहायचं. तो भौतिकशास्त्र शिकवायचा. त्याच्या घरी पितळेचे पंप, सूक्ष्मदर्शक बनवायचे. ह्यांच्या वडिलांचं साताऱ्यात रेडिओ दुरुस्तीचं दुकान. तेवढ्यावरून ह्यांना तो घरचाच वाटे. इथल्या मराठी मंडळात लोक विचारायचे, "काय शशीभाऊ, म्युशेकाका बरे आहेत ना?"

काचेच्या भांड्यात पाणी घालून त्यात वीज साठवायचा प्रयोग त्याने लायडनला केला. त्या भांड्याला काय म्हणायचं यावरून आमचा वाद.

"बरणी म्हणा की सरळ," मी म्हणायचे.

"लोणचं आहे का त्यात? घट म्हणायचं. शाळेत विद्युतघट शिकलीस ना?"

मला घट म्हटलं की नवरात्रच आठवतं. पण ठेवला त्यांनी घटच.

दसऱ्याला मंडळात ते प्रकरण हे वाचणार होते. जूनमध्ये स्ट्रोक झाला. उजवा हात गेला, वाचा गेली. स्पीच थेरपिस्ट यायची, चित्रं दाखवायची. हे नुसते बघायचे. मी पोळ्या करायचे, गोळ्या द्यायचे, देवापुढे दिवा लावायचे. काही वाटायचंच बंद झालं होतं. सवयीने देवाकडे एवढंच मागत होते, की दसऱ्याला ह्यांच्या तोंडून एक शब्द तरी येऊ दे.

वाचायला नात उर्वी तयार झाली. तिने फोनवर 'घट'चा अर्थ शोधला.

"आजी, प्रोफेसरने हातात डिक्रीज का घेतली?"

"अगं, कमी होते ती घट. हा तो घट. भांडं."

"सेम स्पेलिंग? दॅट्स सो अनफेअर!"

दसऱ्याला चर्चच्या हॉलमध्ये हे व्हीलचेअरवर, पुढच्या रांगेत. उर्वी हळूहळू वाचत होती. "प्राध्यापकांनी उजव्या हातात घट घेतली..."

"घेतला."

आवाज घोगरा, पण स्पष्ट. सगळा हॉल ह्यांच्याकडे वळला.

"सॉरी आजोबा. घट घेतला," उर्वी म्हणाली. पुढे तिने वाचलं, की दुसरा हात घटातल्या तारेला लागताच सगळं अंग हादरलं, आणि प्राध्यापकांना वाटलं, संपलं आता.

लोक टाळ्या वाजवत होते. मंडळातल्या अर्चनाने मला मिठी मारली. "बोलले गं सुप्रभा, बोलले!" माझ्या हातात पेढा होता, तो मी कागदात गुंडाळून पर्समध्ये ठेवला.

घरी आल्यावर विचारलं, "चहा टाकू?"

"घेतला."

"अहो, अजून गॅस तरी पेटवलाय का?"

"घेतला."

"पाय दुखतायत?"

"घेतला."

मी ह्यांच्याकडे बघत राहिले. हेही बघत होते, मला सगळं सांगून झाल्यासारखे.

"बरं, रात्रीची गोळी राहिलीय. घेता ना?"

"घेतला."

गोळी घेतली, असं मी म्हटलं नाही. डाव्या हातात पाण्याचा पेला दिला आणि गोळी जिभेवर ठेवली.