आवाज मेलेल्या खोलीतला शनिवार

सोमवारी उस्तादांचं स्वरयंत्र काढून टाकणार होते, आणि त्याआधीच्या शनिवारी त्यांचा आवाज माझ्या ताब्यात देण्यात आला. ताब्यात हा शब्द मी विचार करून लिहिते आहे. कुणी काचेचं भांडं हातात देऊन निघून जावं आणि आता हलायचंही कसं असा प्रश्न पडावा, तशी मी त्यानंतर आठवडाभर वावरत होते.

उस्ताद म्हणजे जर्मनीत बॉबलिंगेनला मी राहते त्या घराच्या तळमजल्यावरचे इजिप्शियन गृहस्थ. सत्तरी ओलांडलेले. त्यांच्या देशात ते नट आणि संगीतकार होते. बायको गेल्यावर इथे नर्स असलेल्या मुलीकडे राहायला आले. पहिल्या भेटीत मी त्यांना जर्मन रीतीने आडनावाच्या आधी 'हेर', म्हणजे श्रीयुत, लावून हाक मारली, तर म्हणाले, "अशी हाक मला फक्त टॅक्स ऑफिस मारतं. घाबरवू नकोस." मग मी उस्ताद म्हणू लागले. त्यांच्याकडेही कलावंताला आणि शिक्षकाला जवळपास हाच शब्द आहे. ते मला बिंती म्हणत, म्हणजे माझी मुलगी. आमचं सगळं बोलणं जर्मनमध्ये चाले, दोघांचंही कच्चं, त्यामुळे कुणी कुणाला हसायचा प्रश्न नव्हता.

नाईलच्या काठावरच्या एका गावात शिंप्याच्या घरी ते जन्मले. शाळेच्या नाटकात पहिलं काम मिळालं ते पडद्यामागून गाढवासारखं ओरडण्याचं. ते इतकं हुबेहूब झालं की बाहेर बांधलेल्या खऱ्या गाढवाने उत्तर दिलं, असं ते शपथेवर सांगत. पुढे कैरोला रेडिओवर लागले. एका श्रुतिकेत न्यायाधीश, आरोपी, आरोपीची म्हातारी आई आणि खिडकीतला कावळा, चारही तेच. नंतर रंगभूमी, सिनेमातले खलनायक, आणि मधल्या वेळात ऊद हे तंतुवाद्य मांडीवर घेऊन लहान मुलांच्या नाटकांना चाली. एका साबणाच्या जाहिरातीची चाल त्यांची होती. लोक त्यांना रस्त्यात अडवून ती म्हणून दाखवत, आणि याचा त्यांना खरोखर राग येई. जर्मनीत आल्यावर टीव्ही मालिकांत थोडी कामं मिळाली. "तीनच भूमिका आहेत इथे माझ्यासाठी," ते म्हणत. "टॅक्सीवाला, भाजीवाला आणि पोलिसांना ज्याचा संशय येतो तो. चौथी आली की सांगेन."

त्यांचा आवाज बसला तो सर्दीने, असं आम्ही सगळे दोन महिने समजत होतो.

माझं सांगायचं तर मी परभणी जिल्ह्यातल्या सेलूची. वडिलांचं लग्नकार्याला लाऊडस्पीकर भाड्याने देण्याचं दुकान. घरातली पदवीधर मी पहिली, आणि आता इथल्या एका संस्थेत गाड्यांच्या पंख्यांचा आवाज कमी कसा करायचा यावर पीएचडी करते. हे मला मिळालं ते माझ्या शाळेतल्या दोन शिक्षकांमुळे आणि एका शिष्यवृत्तीमुळे, हे मी रोज आठवते. कदाचित त्यामुळेच असेल, पण संस्थेतल्या कुठल्याही यंत्रावर माझा जरा जास्तच विश्वास बसलेला आहे.

उस्तादांची मुलगी एका संध्याकाळी वर आली. इस्पितळातल्या वाचा-उपचार करणाऱ्या बाईंनी तिला सांगितलं होतं की ऑपरेशनच्या आधी ठरावीक दोनशे जर्मन वाक्यं वाचून घेतली, तर पुढे टॅबलेटवर टाईप केलेलं त्यांच्याच आवाजात ऐकू येईल. जुनी ध्वनिमुद्रणं चालणार नव्हती. त्यात एक तर वाद्यं वाजत होती, नाहीतर ते दुसरंच कुणीतरी होते. उस्तादांनी स्वयंपाकघरात बसून वाचून पाहिलं होतं. फ्रिजची घरघर, वरच्या नळाचं पाणी आणि मुख्य म्हणजे खुद्द उस्ताद, यामुळे ते सॉफ्टवेअर वाक्यामागून वाक्य लाल करून परत करत होतं.

"'कृपया खिडकी बंद करा' हे ते सेनापतीसारखं वाचतात," ती म्हणाली. "पुढचं वाक्य विधवेसारखं. मी म्हटलं, बाबा, तुमच्या आवाजात वाचा हो. तर म्हणतात, त्यातला माझा कुठला ते तू सांग." ती हसत होती, पण डोळे पुसत होती. "तुमच्याकडे ती खोली आहे ना?"

होती. शालटोटर राउम म्हणतात तिला, आवाज मेलेली खोली. भिंती, छत, जमीन, सगळीकडे हातभर लांबीच्या फोमच्या पाचरी लावलेल्या. पाय ठेवायला मध्ये तारेची जाळी, आणि जाळीखाली पुन्हा पाचरी. आतला आवाज कुठेच आदळून परत येत नाही, बाहेरचा आत येत नाही. याहून स्वच्छ आवाज जगात कुठे मिळत नाही, असं मी तिला अभिमानाने सांगितलं. ते वाक्य मला अजून टोचतं.

बाहेरच्या माणसाला आत न्यायची परवानगी मागायला प्राध्यापकांच्या दारापर्यंत मी दोनदा जाऊन परत आले. माझं कंत्राट पुढच्या महिन्यात वाढायचं होतं, कंत्राटावर व्हिसा होता. तिसऱ्या वेळी आत गेले आणि पाठ केलेलं सगळं एका दमात बोलले. ते म्हणाले, "हो तर, न्या की. फक्त विम्याच्या कागदावर त्यांची सही घ्या." एवढंच. बाहेर येऊन मी कॉफीच्या यंत्रापाशी कितीतरी वेळ नुसती उभी होते.

शनिवारी संस्थेत कुणी नव्हतं. मुलीची ड्यूटी होती, तिने आम्हाला दारात सोडलं. उस्तादांनी कोट आणि टाय घातला होता. जाळीवर पाऊल ठेवताना त्यांनी माझा दंड धरला.

"खाली काय आहे?"

"काही नाही उस्ताद, फोम."

"काही नाही यावर मी कधी उभा राहिलो नव्हतो," ते म्हणाले, आणि वाक्य संपताच स्वतःच दचकले. त्या खोलीत बोललं की शब्द ओठांपाशीच संपतो. पहिल्यांदा जाणाऱ्या प्रत्येकाला ते जाणवतं. काहींना स्वतःच्या रक्ताची सळसळ ऐकू येते. मला सवय झाली होती, म्हणून मी ते त्यांना आधी सांगितलंच नाही.

मी त्यांना खुर्चीवर बसवलं, माइक लावला, हातात कागद दिले. दार लावताना त्यांनी विचारलं, "थोडं उघडं राहू दे?"

"कॉरिडॉरमधल्या पंख्याचा आवाज येईल, उस्ताद."

"हो. बरोबर," ते म्हणाले. नट होते ते, तंत्रज्ञाचं ऐकायची त्यांना जन्माची सवय. मी ते जाड दार ढकलून लावलं आणि बाहेरच्या टेबलाशी जाऊन बसले. आत कॅमेरा नव्हता. हेडफोनमध्ये फक्त त्यांचा श्वास येत होता, इतका जवळ की तो माझाच वाटावा.

पहिलं वाक्य त्यांनी न्यायाधीशासारखं वाचलं. लाल. दुसरं बहुधा भाजीवाल्याचं होतं. लाल. पाचव्या-सहाव्या वाक्यापर्यंत ते वेगवेगळी माणसं आत बोलावून पाहत होते, पण तिथे कुणी टिकत नव्हतं. हसायला, हुंकार द्यायला समोर कुणी नाही, आणि आपला आवाज परत आपल्याकडे येत नाही, अशा जागी त्यांनी आयुष्यात कधी काम केलं नव्हतं. मग ते थांबले.

मला वाटलं पान उलटत असतील. मी तेवढ्यात फाईल सेव्ह करायला घेतली. कागदाचा आवाज आला नाही. श्वास मात्र भराभर येऊ लागला. आणि मग हेडफोनमध्ये अगदी हलक्या आवाजात कुणीतरी म्हणालं,

"बिंती? तू आहेस ना तिकडे?"

हा आवाज मी ऐकलेलाच नव्हता. यात ना सेनापती होता, ना थट्टा करणारे माझे शेजारी. एक म्हातारा माणूस होता, त्याला सोमवारची भीती वाटत होती आणि त्याने ती आजवर कुणाला ऐकू दिली नव्हती.

मी आत बोलायचं बटण दाबलं. "आहे, उस्ताद. इथेच आहे."

"बरं."

आता मी उठून दार उघडायला हवं होतं. त्यांना बाहेर आणून पाणी द्यायला हवं होतं. पण पडद्यावर त्या शेवटच्या बोलण्याची रेघ इतकी सरळ, इतकी स्वच्छ उमटली होती, आणि डॉक्टरांनी सांगितलं होतं की अर्ध्या तासाच्या वर घसा चालणार नाही. मी म्हणाले, "उस्ताद, आत्ता विचारलंत ना, त्याच आवाजात वाचा."

हेडफोनमध्ये खुर्ची करकरली.

"तो घाबरलेल्या माणसाचा आवाज आहे."

"पण तुमचाच ना?"

"बरं तर," ते म्हणाले. "हो. माझाच."

आणि त्यांनी वाचायला घेतलं. मला पाणी हवं आहे. आज हवा छान आहे. डॉक्टर कधी येतील. कृपया खिडकी बंद करा. एकामागून एक हिरवी. प्रत्येक हिरव्या खुणेला मला हायसं वाटत होतं, आणि प्रत्येक वाक्यामागे तो श्वास ऐकू येत होता, तरी मी दार उघडलं नाही. शेवटच्या वीस वाक्यांना घसा फाटत गेला, पण सॉफ्टवेअरने ती घेतली. दार उघडलं तेव्हा उस्ताद खुर्चीच्या दोन्ही कडा घट्ट धरून बसले होते.

"चाल एखादी म्हणता का? माझ्यासाठी?" मी विचारलं.

त्यांनी मान हलवली. "चाली रेडिओकडे आहेत. मला चहा मागण्यापुरता आवाज हवा होता." एवढं कुजबुजून ते कोट सारखा करत उठले.

ऑपरेशन नीट पार पडलं. गळ्यापाशी श्वासासाठी छिद्र आहे, त्यावर पांढरी जाळी लावतात. आवाज तयार होऊन आला तेव्हा मुलीने मला खाली बोलावलं. उस्तादांनी एका बोटाने सावकाश टाईप केलं आणि टॅबलेट बोलला, "बस. चहा घेणार का?"

"बाबांचा आवाज!" मुलगी ओरडली आणि तिने त्यांचं डोकं छातीशी धरलं. खरंच होता त्यांचाच. फक्त चहाचं विचारणारा माणूस एका बंद दाराच्या आतून विचारत होता. तिच्या खांद्यावरून उस्तादांनी माझ्याकडे पाहिलं. आम्हा दोघांना कळलं होतं.

मी सॉफ्टवेअरच्या सगळ्या सेटिंग उघडून पाहिल्या. वेग कमी-जास्त करता येतो, पट्टी वर-खाली होते. भीती काढायची सोय नाही. स्वयंपाकघरात फ्रिजच्या घरघरीसकट मुलीसमोर बसून पुन्हा पुन्हा वाचून घेतलं असतं, तर थोडा खरखरीत पण हसता आवाज मिळाला असता का, हे मी एकदा त्यांना विचारलं. त्यांनी टाईप केलं, "दिग्दर्शक नंतर असंच म्हणतात." टॅबलेटने तेही घाबरत घाबरत सांगितलं, आणि त्यांचे खांदे आवाज न करता हसून हलले.

गेल्या आठवड्यात त्यांनी दाताच्या दवाखान्यात वेळ मागायला फोन लावला. पलीकडची बाई म्हणाली, "तुम्ही ठीक आहात ना? घरी एकटे आहात का? कुणाला पाठवू का?" त्यांना टाईप करून समजवायला बराच वेळ लागला, आणि जितकं समजावलं तितकी ती जास्तच घाबरली. शेवटी मी फोन घेऊन बोलले.

सकाळी कामाला निघताना जिन्यात खालून त्यांचा आवाज येतो. मुलीला विचारत असतात, माझा चष्मा कुठे ठेवलास. चष्म्याचंच चाललंय हे माहीत असूनही मी दर वेळी पायरीवर थांबते, तिचं उत्तर ऐकू येईपर्यंत.